आईनं शोधलेला पासवर्ड

कोल्हारहून निघाले तेव्हा ज्वारीच्या पिठाची पिशवी माझ्या मांडीवर होती, कारण बॅगेचं वजन आधीच जास्त भरलं होतं. नाना, म्हणजे माझे वडील, गाडीच्या खिडकीशी वाकून म्हणाले, "मागं बघू नको, मान अवघडंल." आई मात्र गाडी हलेपर्यंत सूचना देत होती. शेवटची सूचना अशी: "तिकडच्यांचं बोलनं कळलं न्हाई तर उगं मान हलवू नको. हो म्हनलं की काम गळ्यात पडतं." मी मागं पाहिलंच. दोघं हात हलवत नव्हते, नुसते गाडीकडं बघत उभे होते.

जर्मनीत नर्स म्हणून येऊन मला आता चार वर्षं झाली. पहिल्या दिवशी फ्लॅटवर पोचले तेव्हा ना माझं जर्मन धड, ना माझ्याबरोबर राहणाऱ्या जॉयचं. ती फिलिपिन्सची. तिनं आपला फोन माझ्यासमोर धरला. त्यावर काळ्यापांढऱ्या ठिपक्यांचा चौकोन होता. मी कॅमेरा धरला आणि माझा फोन तिच्या वाय-फायला जोडला गेला. दुसऱ्या मिनिटाला आईचा चेहरा समोर. तुमच्यापैकी जे बाहेर पडलेत त्यांना ठाऊक असेल, परक्या गावात भाकरीआधी नेट लागतं.

त्यानंतर गावाकडच्या फोनची दुरुस्ती माझ्याकडं आली. आवाज येईना, फोटो सापडेना, अक्षरं बारीक झाली, की आई मला फोन करायची. मी वैतागायचे, आणि मनातून सुखावायचेही. इतक्या लांबून घराच्या उपयोगी पडायचं तेवढंच एक काम होतं.

मागच्या हिवाळ्यात मी सकाळी ट्राममधून जर्मनच्या क्लासला निघाले होते. आईचा व्हिडिओ कॉल आला. तिकडं दुपारचा पाऊण वाजला होता.

"वैशे, सोनीची परीक्षा हाय एकला! लॅपटॉपला नेट न्हाई!"

सोनाली माझी धाकटी बहीण. नगरच्या हॉस्टेलवरून आदल्याच रात्री घरी आली होती. पुण्याच्या एका कंपनीची नोकरीची परीक्षा, तीही लॅपटॉपवरच द्यायची. आमच्या घरात मोबाईलला रेंज नावालाच, सगळी भिस्त वाय-फायवर. त्याचा पासवर्ड नानांनी बदललेला आणि घरात फक्त त्यांनाच ठाऊक. नाना श्रीरामपूरला गेलेले आणि त्यांचा फोन घरीच चार्जिंगला, कुलूपबंद. सोनी रडवेली होऊन लॅपटॉपसकट चुलत्यांच्या वस्तीकडं रेंज शोधायला पळाली होती.

"आई, तू माझ्याशी बोलतेस ते वाय-फायवरच ना?"

"व्हय. नानांनी जोडून दिलंय."

मी सीटवरून उठलेच. "मग पासवर्ड तुझ्या फोनात आहे! कॉल बंद करू नको. सेटिंग्जमध्ये जा."

माझ्या फोनची भाषा जर्मन, तिच्या फोनची मराठी. मी मनात पायऱ्या आठवत, भाषांतर करत सांगत होते. सेटिंग्ज, मग वाय-फाय, मग आपल्या नेटचं नाव. नावाशेजारी दातेरी चाक दिसतंय का?

"उसाच्या चरकाच्या चाकावानी?"

"तेच! दाब त्याला. आता 'शेअर करा' शोध."

"सापडलं... पर आता हे बोट मागतंय गं."

बोट ओळखेना. आई भाकऱ्या सोडून उठली होती, हाताला पीठ. पदराला पुसून पुन्हा लावलं, तरी नाही. कामानं तिच्या बोटांच्या रेघा झिजल्यात. "अंगठा लाव आई, डावा!" मी जवळजवळ ओरडले. समोरच्या आजींनी पुस्तकातून मान वर केली.

"आला, आला! चौकोन आला!"

"त्याच्या खाली अक्षरं असतील. वाच."

आई सातवी शिकलेली. इंग्रजी अक्षरं एकेक करून वाचू लागली. एच. ए. आर. एन. मी ट्रामच्या तिकिटाच्या पाठीवर लिहीत होते. मला वाटलं होतं, माझं नाव असेल. निघालं भलतंच: harnivyali2. हरणी व्याली, दोन! आमच्या गाईला दुसरं वासरू झालं, त्या दिवशी नानांनी पासवर्ड बदलला होता.

मी लगेच सोनीला मेसेज टाकला. तिला तिथं थोडी रेंज मिळाली असावी. "पळत घरी ये, सापडला." मग आईच्या फोनमधून तिच्या धापा ऐकू आल्या, आणि एकला दोन मिनिटं कमी असताना, "लागलं गं, ताई!" माझा स्टॉप कधीच मागं गेला होता. मी पुढच्या स्टॉपवर उतरून थंडीत एकटीच हसत क्लासपर्यंत चालत गेले.

संध्याकाळी नानांना मी चिडवलं, "गाईचं नाव ठेवलंत, माझं का नाही?"

"आल्यागेल्याला पासवर्ड सांगावा लागतो. लेकीचं नाव चारचौघांत कशाला वाटायचं?" ते म्हणाले. 

सोनी पास झाली, पुण्याला गेली. आता घरात दोघंच. यंदा सुट्टीला जाताना मी पहिले दोन दिवस फोन-टीव्हीच्या दुरुस्त्यांसाठी राखून ठेवले होते. पण काम निघालंच नाही. दुपारी आई ओट्यावर शेजारच्या दोघींना घेऊन बसली होती आणि एकीला लाईटबिल फोनवरून कसं भरायचं ते दाखवत होती. मी मदतीला वाकले तर म्हणाली, "तू बस गं. मला येतं."

क्षणभर टोचलं. मग इतका आनंद झाला की तिथंच त्या बायांमध्ये मांडी घालून बसले. इतकी वर्षं मला वाटायचं, घर म्हणजे माझ्यावाचून अडणारी जागा. तसं नाही. ते माझ्यावाचून छान चालतं, नवीन शिकतं, आणि मी गेले की सरकून मला जागा करून देतं. मागं राहिलेल्यांनो, आमच्यासाठी थांबून राहू नका. पुढं जा. आम्ही येऊन शिकू तुमच्याकडून.