आंबिलीची तपासणी

"आधी पुसा, मग बोला."

लेथवरून उतरवलेला जॉब त्यांच्यापुढे धरला की पहिलं वाक्य हेच. जॉब कितीही चकचकीत असो. मग ते स्वतःच पँटच्या मागच्या खिशातून पिवळं फडकं काढत, जॉब पुसत, मापाचं गेज पुसत, आपला अंगठाही पुसत आणि त्यानंतर माप घेत. माप बसलं तर काही बोलत नसत. नाही बसलं तर जॉबवर तांबडा ठिपका देऊन आपल्याकडे अशा नजरेनं बघत, की जणू आपल्या घरी काहीतरी वाईट घडलंय आणि ते त्यांना आपल्याआधी कळलंय.

चिकलठाण्याच्या वसाहतीतल्या आमच्या लहानशा कारखान्यात ते तपासणीला होते. हुद्दा काही साहेबाचा नव्हता, पण सगळे त्यांना साहेब म्हणत, म्हणून मीही इथं तेच म्हणतो. सुरुवातीला मला ते अजिबात आवडत नसत. त्यात नशीब असं, की सिडकोत मी घर घेतलं ते नेमकं त्यांच्या घरापासून तिसरं निघालं. दिवसभर तांबडे ठिपके देणारा माणूस संध्याकाळी पुन्हा गल्लीत भेटायचा.

एकदा मी घाईत म्हणालो, "साहेब, बघा, चांगला झालाय."

"चांगला म्हंजे किती?"

"म्हणजे... चांगला."

"चांगलं हे माप न्हाय," असं म्हणून त्यांनी फडकं काढलं.

माझ्या मुलीच्या बारशाला आले तेव्हा पेढा हातात घ्यायच्या आधी त्यांनी पाळण्याच्या चारही कड्या ओढून पाहिल्या. एक सैल निघाली. भर बारशात स्टुलावर चढून ती आवळली, हात पुसले आणि मगच पेढा खाल्ला. माझी सासू त्यांना पाळणा दुरुस्त करणारा माणूस समजली. असा माणूस तुमच्याही ओळखीत असेल. त्याचा राग येतो, आणि आणखी राग येतो तो कडी खरोखरच सैल निघते म्हणून.

त्यांच्या बायकोला आम्ही काकू म्हणत असू. काकूंचा सगळा कारभार अंदाजाचा. उन्हाळा लागला की त्यांच्या स्वयंपाकघराच्या कोपऱ्यातलं मडकं अख्ख्या गल्लीचं व्हायचं. ज्वारीच्या पिठाची आंबील. ताक, जिरं आणि ठेचलेला लसूण घातलेली, जराशी आंबट. दुपारी जो दारावरून जाईल त्याच्या हातात पेला. माझ्या बायकोनं एकदा कृती विचारली, तर म्हणाल्या, "त्यात काय हाय? पीठ कालवायचं अन् इसरून जायाचं. सकाळी त्येच हाक मारतं."

गंमत म्हणजे साहेब रोज कारखान्यात निघण्यापूर्वी तांब्याभर आंबील पिऊन निघत, आणि आयुष्यात त्यांनी काकूंना "किती" हा प्रश्न कधी विचारला नव्हता.

साहेब निवृत्त झाले, आणि वर्षभरानं काकूंना अर्धांगाचा झटका आला. उजवी बाजू गेली आणि वाचाही गेली. समजत सगळं होतं, बोलता मात्र एक शब्द येत नव्हता. दवाखान्यातून घरी आल्या त्या नाकात नळी घालूनच. ती नळी त्यांनी डाव्या हातानं दोनदा उपसून काढली. तिसऱ्यांदा घालायच्या वेळी डॉक्टर म्हणाले, "गिळता येतंय त्यांना. पाण्यानं ठसका लागतो, म्हणून दाटसर द्या. आठ दिवस बघू. तोंडानं पोटभर गेलं नाही तर नळी परत घालावी लागेल, आणि मग हात बांधून ठेवावा लागेल."

तो हात बांधण्याचा शब्द साहेबांनी मला तीन वेळा सांगितला. प्रत्येक वेळी सांगून झाल्यावर ते स्वतःच्या मनगटाकडे बघत.

काकू काही खाईनात. पेज दिली, ओठांच्या कोपऱ्यातून बाहेर. रव्याची खीर, बाहेर. औषधाच्या दुकानातली पावडर दुधात कालवून दिली, तीही बाहेर. मुलगा आणि सून पुण्याला नोकरीला. आठवडाभर राहून ते परत गेले होते. दिवसा सांभाळायला एक मावशी येत, त्याही हात टेकून बसल्या. तेव्हा साहेबांना आंबील आठवली. दाटसर होती, लसूण बारीक वाटून गाळून घेतला तर घशात अडकणार नव्हती, आणि काकूंच्या ती आयुष्यभराच्या सवयीची होती. अडचण एकच. करायची कशी, हे घरातल्या एकाच माणसाला ठाऊक होतं, आणि त्या माणसाला सांगता येत नव्हतं.

साहेबांनी त्यासाठी नवी वही केली. मी ती वही पाहिली आहे. रकाने आखलेले: नमुना क्रमांक, पीठ, पाणी, किती तास आंबवलं, खोलीचं तापमान, शेरा. पीठ वजनकाट्यावर, मीठ डॉक्टरांनी सांगितलं तेवढंच. आंबायला त्यात चमचाभर दही घालत. सकाळी शिजवून, निववून, ताक घालून पहिला पेला आमच्या घरी यायचा.

"बोला."

"झकास आहे, साहेब," मी म्हणालो.

"झकास म्हंजे किती?"

खरं सांगायचं तर मला ती खळीसारखी लागली होती. पण त्यांचा चेहरा बघून माझी जीभ रेटेना. त्याच दिवशी आमच्या कारखान्यातले वेल्डर अन्वरभाई काकूंना बघायला खुलताबादहून आले होते, त्यांच्याही हातात पेला गेला. त्यांनी एक घोट घेतला आणि माझ्याकडे बघून हळूच म्हणाले, "अच्छा बोले तो झूठ, बुरा बोले तो साब नाराज. मैं तो रोजा रख लेता, पर रमजान का महिना नहीं है ना."

साहेबांनी ते ऐकलं. नाराज झाले नाहीत. उलट वहीत लिहिलं, "चव: मिळमिळीत," आणि मला म्हणाले, "तुमच्यापरीस ह्यो माणूस बरा." मला लाज वाटली. दुसऱ्या दिवसापासून मी खरं सांगायला लागलो.

शेवटची तपासणी अर्थातच काकूंची. साहेब पलंगाशेजारी बसून चमचा भरवत. काकू घास तोंडात धरत, क्षणभर डोळे मिटत, आणि मग तो घास हनुवटीवरून खाली यायचा. त्यानंतर त्या साहेबांकडे अशा बघत, की मला आमच्या तांबड्या ठिपक्याची आठवण व्हायची. साहेब हनुवटी पुसत आणि वहीत लिहीत. नमुना दोन, बाहेर. नमुना तीन, बाहेर. चौथा जरा जास्त आंबवलेला, तोही बाहेर. काकू दिवसाला जेमतेम चार घास आणि दोन चमचे दाट केलेलं पाणी घेत होत्या. गळ्याची हाडं दिसायला लागली होती.

पाचव्या दिवशी सकाळी साहेब माझ्या दारात उभे. "गाडी काढता का? पैठणला जायाचंय. तिच्या आक्काला इचारतो."

काकूंची थोरली बहीण पैठणच्या पुढं एका खेड्यात राहते. फोनवर तिला ऐकू येत नाही, म्हणून जाणं भाग होतं. मी रजा टाकली. मावशींना काकूंजवळ बसवलं आणि आम्ही मोटारसायकलवर निघालो. साहेबांनी वही प्लास्टिकच्या पिशवीत घालून शर्टाच्या आत ठेवली होती.

आक्का अंगणात ज्वारी पाखडत होती. साहेबांनी वही उघडून पहिल्या नमुन्यापासून वाचायला सुरुवात केली. तिनं दुसऱ्याच नमुन्यावर हात वर करून थांबवलं.

"पाव्हणं, दही कशाला घालता? मडक्यात हाय की आंबवण. तिचं मडकं कुठंय?"

"घरी हाय. त्यातच तर करतोय," साहेब मोठ्यानं म्हणाले. "ती दवाखान्यात व्हती तवा सवच्छ घासून ठिवलंय. साबणानं."

"साबणानं?"

"दोनदा. गरम पान्यानं. मग उन्हात."

आक्कानं सूप खाली ठेवलं. मग म्हणाली, "आवं, त्यात आमच्या आईचं आंबवण व्हतं. आम्ही दोघी बहिनी नांदायला निघालो तवा आईनं तिच्या मडक्यातलं वाटीवाटीभर दिलं व्हतं. रोज वायचं ठिवायचं अन् त्यातच नवं पीठ कालवायचं. त्या मडक्याला पान्याबिगर काय लावत न्हाईत. तुमी धून टाकलं व्हय समदं?"

मी साहेबांकडे बघितलं नाही. बघवलं नाही. वीस वर्षं मी त्यांना दुसऱ्यांच्या चुका दाखवताना पाहिलं होतं, आणि आपली चूक ऐकताना माणसानं कुठं बघायचं असतं हे त्यांना माहीतच नव्हतं. शेवटी ते म्हणाले, "घान वास येत व्हता. लोक भेटायला येनार व्हते." अगदी हळू म्हणाले. आक्काला ते ऐकू गेलं नसावं.

पण आक्काच्या मडक्यात तेच आंबवण होतं, कारण आई तीच. तिनं एका नव्या कोऱ्या मडक्यात अर्ध्यापर्यंत काढून दिलं. जुन्या मडक्यानं साबण पिलाय, त्यात आता तुळस लावा, म्हणाली. आणि निघताना साहेबांचं मनगट धरून बजावलं, "ह्यातलं वाटीभर शेजारच्या घरी बी ठिवा. एका घरचं मेलं तर दुसऱ्या घरचं असावं."

परतीचा रस्ता मी विसरणार नाही. उन्हाचा कडाका, रस्त्याचं काम चालू, जागोजागी खडी. साहेबांनी मागे बसून दोन्ही हातांनी मडकं छातीशी धरलेलं. मला न धरता. दर थोड्या वेळानं मला थांबायला लावून ते मडक्याच्या तोंडाला बांधलेलं फडकं सोडत, आतली हवा जाऊ देत आणि पुन्हा बांधत. बिडकीनच्या पुढं एका खड्ड्यात गाडी आदळली, आणि आंबवण उसळून त्यांच्या शर्टावर आलं. मी घाबरून मागे पाहिलं. त्यांनी शर्ट पुसला नाही.

"चला, चला," म्हणाले, "आत हाय अजून."

त्या रात्री पीठ कालवलं. सकाळी मी आणि बायको दोघंही तिकडे गेलो. काकूंनी पहिला घास तोंडात धरला आणि डोळे मिटले. साहेब वही घेऊन उभे. त्यांचा पेन उघडलेला होता. बराच वेळ काही झालं नाही. मग काकूंचा गळा हलला, आणि त्यांनी तोंड उघडलं. दुसरा घास. तिसरा. अख्खी वाटी गेली. मला रडू आलं, खोटं कशाला सांगू. साहेबांनी त्या नमुन्यापुढे काहीच लिहिलं नाही. वही मिटून स्वयंपाकघरात गेले, आणि नळ सोडल्याचा आवाज बराच वेळ येत राहिला. नळी परत घालावी लागली नाही.

आक्काच्या हुकमाप्रमाणे वाटीभर आंबवण आमच्या घरी आलं. बायको आधी कुरकुरली, मग तिलाही आवड लागली. ती लसूण जास्त घालते आणि जिरं भाजून. साहेब दर रविवारी आमचं मडकं तपासायला येत. झाकणी उचलून वास घेत आणि म्हणत, "जित्तं हाय." एवढाच शेरा. दीड वर्ष त्यांनी रोज सकाळी काकूंना स्वतःच्या हातानं आंबील भरवली. एक दिवस चुकला नाही.

चुकला तो गेल्या चैत्रात. पहाटे साहेबांच्या छातीत दुखलं, मी मुलाला फोन केला, त्यांना रिक्षात बसवलं, आणि दुपारपर्यंत दवाखान्यातच संपलं. पुण्याहून आलेल्या मुलानं ठरवलं की आईला सांगायचं नाही. तिची तब्येत हे सहन करणार नाही, असं त्याला वाटलं. "बाबा गावाला गेलेत," एवढंच सांगायचं. देह घरी आणलाच नाही. मला ते पटलं नव्हतं, पण दुसऱ्याच्या घरात आपण किती बोलणार.

पहिला दिवस आदल्या दिवशीच्या उरलेल्या आंबिलीवर निघाला. मग गावाकडून आलेल्या एका म्हाताऱ्या नातेवाइकांनी, घरात माणूस गेल्यावर मातीचं भांडं ठेवत नाहीत म्हणून, मडकं मागच्या दारी नेऊन फोडून टाकलं. रीतच आहे, त्यांचं काही चुकलं नाही. सून बिचारी पेज करी, खीर करी. सगळं काकूंच्या हनुवटीवरून खाली. तिसऱ्या दिवशी मुलगा अस्थी घेऊन पैठणला गेला, तिथंच डोक्याचे केस उतरवले आणि संध्याकाळी परतला तो डोक्यावर कापडी टोपी घालून. घरातही त्यानं ती काढली नाही. आई दोन दिवस उपाशी आहे म्हटल्यावर तो आमच्याच दारात आला, आणि मडकं फुटल्याचं आम्हाला तेव्हा कळलं.

बायकोनं आमच्या मडक्यातली वाटी भरून नेली. लसूण गाळून घेतला होता. मी दारात उभा राहिलो. मुलगा पलंगाच्या पायथ्याशी, टोपी कपाळापर्यंत ओढलेली. तो म्हणाला, "आई, बघ, बाबांनी करून पाठवलीये."

बायकोनं चमचा पुढे केला. काकूंनी घास घेतला, तोंडात धरला, डोळे मिटले. आंबवण त्यांच्या आईचंच होतं. जिरं भाजलेलं होतं. त्यांनी डोळे उघडून माझ्या बायकोकडे पाहिलं, मग मुलाच्या टोपीकडे. आणि घास गिळला.

मग डावा हात उचलून त्यांनी मुलाला जवळ बोलावलं. त्याला वाटलं पाणी हवंय. तो वाकला. काकूंनी त्याची टोपी काढून अंथरुणावर ठेवली आणि त्या तुळतुळीत डोक्यावरून हात फिरवायला लागल्या. तो पलंगाच्या कडेवर कपाळ टेकून हमसाहमशी रडला. त्यांचा हात थांबला नाही. तो तसाच फिरवत त्यांनी माझ्या बायकोकडे मान वळवली आणि पुढच्या घासासाठी तोंड उघडलं.