शिवकन्याबाई सही करत नाहीत

मेथीची जुडी अर्धी निवडून झाली होती, तेवढ्यात दारात ती मुलगी उभी राहिली. पंचशीला तिचं नाव. मूळची किनवटची, नांदेडला समाजकार्य शिकते. साठीच्या पुढची माणसं घरात कशी राहतात, त्यांच्या मनाला काय वाटतं, याचा अभ्यास करायला लातुरात घरोघर फिरत होती. मी तिला पाणी दिलं आणि आत्याबाईंना, म्हणजे माझ्या सासूबाईंना, हाक मारली.

शिवकन्याबाई येऊन पंख्याखाली बसल्या. वय बहात्तर, कपाळावर विभूतीचे पट्टे, नजर फरशीकडे. मुलगी विचारायची त्यांना आणि उत्तर द्यायची मी.

"आजी, झोप लागते का?"

"लागते ना. दुपारचीसुद्धा लागते," मी म्हणाले.

"भूक?"

"कमी खातात. पण आता वयच आहे."

मुलगी हसली. "काकू, तुम्ही साठीच्या झालात की तुमच्याकडं परत येते. आज आजींना बोलू द्या."

मी गुमान मेथीकडे वळले. मग तिनं विचारलं, "आजी, आपला कुणाला उपयोग आहे असं वाटतं का?"

"उपयोग?" आत्याबाईंनी पहिल्यांदा मान वर केली. "मला देवघरातल्या समईवानी ठेवलंय, बाई. समई तरी सांजच्याला पेटती."

"आता जगून काय करायचं, असं कधी मनात येतं?"

"रोज येतं. दुपारी तीनच्या सुमाराला."

माझ्या हातातली काडी हातातच राहिली. रोज तीनला मी त्यांना चहा देते. दोन मारी बिस्किटं, बशीत.

मुलीनं पुढचे प्रश्न थांबवले. बाहेर जाऊन आपल्या मॅडमला फोन केला आणि सरकारी दवाखान्यातल्या मनाच्या डॉक्टरांचे वार एका कागदावर लिहून दिले. "काकू, याला वय म्हणून सोडू नका," एवढंच म्हणाली.

मला राग आला होता, खोटं कशाला लिहू? गरम भाकरी कोण देतं, पाय कोण चेपतं? सासूची सेवा म्हणजे महादेवाचीच सेवा, असं समजून मी करत होते. पण सांजेचा दिवा लावण्याआधी सहज माझी रोजची वही चाळली. गेल्या अकरा महिन्यांत मी किती ठिकाणी लिहिलं होतं, 'आत्याबाई आता शांत झाल्या, देवाची कृपा.' ज्याला मी शांतपणा म्हणत होते, ते हे होतं.

या बाई मुळात शांत नव्हत्याच. देगलूरला त्यांची पिठाची गिरणी. मामंजी गेले तेव्हा आमचे हे, दयानंद, दहावीत होते. लोक म्हणाले, बाईमाणूस गिरणीवर बसणार? त्या दुसऱ्याच दिवशी पदर खोचून बसल्या. गिऱ्हाईक कन्नड बोललं की कन्नड, तेलुगू बोललं की तेलुगू, आणि भांडायचं असलं की मराठी. पिठाची चिमूट अंगठ्यावर चोळून दगड घट्ट करायचा की सैल ते सांगायच्या. त्याच गिरणीवर हे शिकले, पाटबंधारे खात्यात लागले, आणि औसा रोडला आमचा फ्लॅट झाला.

गेल्या पावसाळ्यात त्यांना ताप आला, सांधे धरले. महिनाभरासाठी इकडे आणलं, ते तसंच राहून गेलं. गिरणी ईश्वरप्पा नावाच्या माणसाला चालवायला दिली. इथे त्या गहू निवडायला बसल्या की मी सूप काढून घ्यायची. "आत्याबाई, लई केलंत. आता बसून खा." माझंच वाक्य आहे ते, आणि मी ते मोठ्या मायेनं म्हणायची.

संध्याकाळी हे आले आणि सगळं ऐकून भडकले.

"परक्या पोरीसमोर घराची अब्रू काढलीस, आई?"

"अब्रू तुझी हाय. जीव माझा हाय."

"आणि दवाखाना कसला? माझ्या आईला येडी ठरवायचीय का तुम्हाला?"

"गुडघ्याला दाखिवलं तवा मला लंगडी म्हणला होतास का?"

ह्यांनी खुर्ची ओढून घेतली. मग हळूच म्हणाले, "बरं, पुढच्या सोमवारी ईश्वरप्पा येतोय. गिरणी विकत घेतो म्हणतो. तुझी सही लागेल. ते एकदा मोकळं झालं की तुझं मनही मोकळं होईल."

गिरणी आत्याबाईंच्या नावावर होती. विकली की देगलूरला परतायचं ठिकाणच उरणार नव्हतं. ते त्यांना कळलं, मलाही कळलं. त्या उठून झोपायला गेल्या. सकाळी मात्र इष्टलिंगाची पूजा आटोपून, चपला घालून माझ्यासमोर उभ्या. "पुनम, त्या पोरीचा कागद घे. ऑटो बोलाव."

डॉक्टर तरुण होते. उदासीचा आजार आहे म्हणाले, बरा होतो. रोज एक गोळी लिहून दिली. आत्याबाईंनी विचारलं, "गोळी घेऊन गिरणी चालविता येती का?"

डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं. "चक्कर येते का ते पंधरा दिवस बघू. तोवर पट्ट्याजवळ जायचं नाही. नंतर माझी ना नाही."

"ऐकलंस?" त्या मला म्हणाल्या. "लिहून ठेव वहीत."

सोमवारी ईश्वरप्पा आला. माणूस वाईट नाही. वाकून म्हणाला, "शरणार्थ, अक्का. लोक अजून तुमचंच नाव घेतेत." ह्यांनी कागद काढले, पेन पुढे केलं. आत्याबाईंनी पेन घेतलं, आणि हातात तसंच धरून विचारलं,

"ईश्वरप्पा, श्रावण आला. उपवासाचं दळण कवा दळतोस?"

"आलं की दळतो, अक्का."

"ज्वारी झाल्यावर बी?"

"मग काय करू? गिऱ्हाईक थांबत नाहीत."

"आरं, मग ज्वारीच्या पिठात भगर दळून राहिलास की! बायका दिवसभर उपाशी राहतेत आन् तू त्यांचा उपवास सकाळीच मोडतोस!" त्यांचा आवाज जिन्यापर्यंत गेला असेल. अकरा महिन्यांत तो आवाज ऐकला नव्हता. "दगड धुऊन-पुसून, सगळ्यांत आधी भगर-राजगिरा. मंग बाकीचं. सव्वीस वर्सं एक बी सोमवार मी चुकविला न्हाई. भरवसा दळत होते मी तिथं, नुसतं पीठ न्हाई."

ईश्वरप्पा कान धरून म्हणाला, "चुकलं, अक्का."

मी स्वतः सोळा सोमवार केलेली बाई. अशा किती डब्यांचं पीठ मीही विश्वासानं खाल्लं असेल!

आत्याबाईंनी पेन कागदावर आडवं ठेवलं. "सही न्हाई करत मी. गिरणी मी चालविणार."

"आणि पडलीस तर?" ह्यांचा आवाज चढला, पण डोळ्यांत भीती होती, ती मला दिसली. "तिथं कोण आहे तुला?"

"इथं पडले न्हाई का? तुज्या चकचकीत बाथरूमात? शेजारी मल्लेश हाय, त्याची बायको हाय, फोन हाय. मरायचं तर कुठं बी मरंन, दया. पण दुपारी तीन वाजता बसून न्हाई मरायची."

"लोक म्हणतील, आईला या वयात गिरणीवर बसवलं."

"तू कोण बसविणार? मी बसती हाय."

हे माझ्याकडे वळले. "तू तरी समजाव."

लग्नाला एकवीस वर्षं झाली, मी ह्यांचा शब्द चारचौघांत खाली पडू दिला नव्हता. त्या दिवशी म्हणाले, "मला समजलंय. मी त्यांची पेटी भरते."

चार दिवस हे माझ्याशी बोलले नाहीत. पंधरा दिवस झाले, चक्कर आली नाही, डॉक्टरांनी हो म्हटलं, आणि ह्यांनीच गाडी काढून आईला देगलूरला सोडलं. मीही सोबत गेले. उतरल्यावर ह्यांनी गोळ्यांचा डबा मल्लेशच्या बायकोला दाखवला, दोनदा समजावून सांगितला. ईश्वरप्पा पट्टा आणि पोती सांभाळायला राहिला आहे, आत्याबाईंच्या हाताखाली. कुरकुर करतो, पण राहिला आहे.

सगळं गोड झालं असं नाही. परवा फोनवर त्या म्हणाल्या, सकाळी उठावंसं वाटत नव्हतं, अंगावर दगड ठेवल्यावानी होतं. मी घाबरले. म्हणाले, येऊ का न्यायला?

"नेऊ नको. ये," त्या म्हणाल्या. "येताना विभूती आण, इथली बरी न्हाई. आन् त्याला बी आण, रागात हाय तर रागातच आण."

आज पुन्हा फोन आला. मागे डबा आपटल्याचा आवाज, कुणीतरी तेलुगूत घाई करत होतं. गिरणीचा दगड गुळगुळीत झालाय, पीठ जाड पडतंय, त्याला छिन्नीनं टाकी लावून घ्यायला हवी, आणि ते काम जमणारा माणूस बिलोलीला राहतो. उद्या सकाळच्या एसटीनं शिवकन्याबाई त्याला आणायला बिलोलीला जाणार आहेत.