कोपऱ्यातली चौकट

धाकट्याबद्दल लिहायला बसलो खरा, पण एका भिंतीपलीकडे तीस वर्षं राहूनही मला तो फारसा माहीत नव्हता. चहात साखर किती घ्यायचा ते सांगता येईल. दिवसभर काय करायचा, ते नीट सांगता येईलच असं नाही.

संगणकाच्या पडद्यावर खाली उजवीकडे, घड्याळाशेजारी, बारीक चित्रं असतात. तिथून मधूनच चार बोटं रुंदीची एक चौकट वर येते: बॅटरी संपत आली, नवीन मेल आला. ही चौकट प्रत्येक प्रोग्रॅम स्वतः बनवत नाही. त्यासाठी कुणीतरी आधीच लिहून ठेवलेल्या फायली वापरतात, त्यांना लायब्ररी म्हणतात. अशी एक लायब्ररी माझ्या भावाने लिहिली आणि एकोणीस वर्षं एकट्याने सांभाळली. विमा कंपनीतली नोकरी सुटली, लग्न राहून गेलं, ही तेवढी राहिली.

"भावजींचा संसार चार बोटांचा," माझी बायको म्हणायची.

"पण भांडण नाही त्यात, वहिनी."

भांडणं होती. दर वर्षी संगणकाच्या आत काहीतरी बदलायचं आणि याची चौकट कुठे कोरी दिसायची, कुठे अर्धीच. मग अनोळखी लोक तावातावाने लिहायचे. तो प्रत्येकाला उत्तर द्यायचा.

गेल्या वर्षी त्याच्या पोटात गाठ निघाली. डॉक्टरांनी महिन्यांची भाषा केली. त्यानंतर त्याला एकच घोर लागला, की हे कुणाच्या हाती द्यायचं. चौघांनी नाही म्हटलं. शेवटी दूरच्या शहरातली एक बाई तयार झाली. अंधांना पडद्यावरचा मजकूर वाचून दाखवणारा प्रोग्रॅम ती चालवायची, आणि तो याच फायलींवर चालायचा.

फायली जिथे ठेवलेल्या असतात तिथला नियम असा, की ताबा दुसऱ्याला द्यायचा तर दोन सांभाळणाऱ्यांचा होकार हवा, तोही सात दिवसांत. दुसरा म्हणून त्याने फार पूर्वी माझं नाव घातलं होतं. "नुसतं नाव लागतं, दादा," म्हणाला होता. आता दवाखान्यातून त्याचा फोन आला, "तुझ्याकडे एक चौकट येईल. तिच्यावर दाब आणि हो म्हण. बस्."

मंगळवारी अकराच्या सुमारास ती आली. इंग्रजीत कायमचं, परत न फिरणारं असं काहीतरी होतं. आधी त्याला विचारावं म्हणून मी फोनकडे वळलो. त्याने उचलला नाही, तपासणीला नेलं असावं. परत पाहिलं तर चौकट नव्हती.

मला वाटलं, पुन्हा येईल. रोज खुर्ची ओढून बसायचो.

"मांजर बिळापाशी बसावं तसे बसलायत," बायको म्हणाली. "विचारा की भावजींना."

आजारी माणसाला काय विचारायचं? एवढं साधं काम, तेही जमलं नाही म्हणून? तोच निरोप मेलमध्येही पडून होता, हे मला आठव्या दिवशी कळलं. मुदत संपली होती. पुन्हा अर्ज करायचा तर तीस दिवस थांबायचं होतं.

तो सतराव्या दिवशी गेला. बाईंनी दुसऱ्या कुणाच्या फायली वापरायला घेतल्या, त्यांचं अडलं नाही. याच्या लायब्ररीपुढे शेवटच्या बदलाची तारीख आहे, ती तशीच आहे. मला रडू आलं नाही. जेवलो, कपड्यांच्या घड्या घातल्या.

आठव्या दिवशी दुपारीच मी जाऊन त्याला सांगितलं होतं. तो छताकडे बघत ऐकत होता.

"किती वेळ होती?"

"काय?"

"चौकट."

"पाचसहा सेकंद असेल."

"आठ. मीच ठेवलेत. आधी बारा होते. लोक बोंबलले, कामात आडवी येते म्हणून."

"चूक माझी आहे रे."

"बाईंना कळव. तीस दिवस थांबता आलं तर थांबा म्हणावं."

तो सांगत गेला तसा मी फोनवर एका बोटाने मेल लिहिला. दुसऱ्या दिवसापासून तो गुंगीतच असायचा. त्यामुळे निघताना बोललो तेच शेवटचं.

"चष्म्याचा नंबर वाढलाय तुझा, दादा. किती जवळ धरून वाचतोस."

"बघतो."

"बघतो नको. उद्या जा."

"बरं. उद्या जातो."