नावांच्या जागी ठिपके

कुठल्याही खोलीत शिरले की मिस्त्री आधी पंखा बंद करायचे. अमरावतीचा मे महिना असो की समोर मोठे डॉक्टर बसलेले असोत, त्यांचा हात सरळ बटणावर जायचा. मग मान डावीकडे कलवून म्हणायचे, "पयले आयका. मंग बोला."

त्यांची सारी हयात रेडिओ दुरुस्तीत गेली. बिघाड ते कानाने शोधत. तुमच्या गावातही असा एखादा कारागीर असेल, आपण त्याला हुनरावरून ओळखतो आणि नाव विचारायचं राहून जातं. आम्ही त्यांना मिस्त्रीच म्हणायचो. त्यांचं नाव मी कागदावर पहिल्यांदा पूर्ण कधी लिहिलं, तेच सांगण्यासाठी हे लिहितो आहे.

मी एका खासगी रुग्णालयात प्रशासन अधिकारी होतो. घरोघरी मोबाइल आले तरी आमच्याकडे पेजर होते, कारण तळघरातल्या एक्स-रे विभागात मोबाइलला रेंज मिळत नसे. निरोप गच्चीवरच्या ट्रान्समीटरवरून सुटायचा आणि डॉक्टरांच्या कमरेला किरकिरायचा. ही सगळी यंत्रणा मिस्त्री सांभाळत. निरोप हवेतून जाताना जी खरखर होते, ती रेडिओवर ऐकून ते ट्रान्समीटरबद्दल सांगायचे, "हा थकला साहेब. दम लागून राह्यला त्याले."

एका सकाळी ते जुना लॅपटॉप घेऊन माझ्या खोलीत आले. पंखा बंद. लॅपटॉपला बोटाएवढा रेडिओ जोडलेला. पडद्यावर ओळी उमटू लागल्या. वॉर्ड चार, खाट अकरा, आणि पुढे नुसते ठिपके.

"हे काय?"

"तुमचे पेजर, साहेब. हा प्रोग्राम ती खरखर वाचते. कोणीतरी फुकट देऊन ठेवला आहे, आतलं सारं उघडं. घड्याळाचं झाकण काढल्यावानी. माह्या पोरीनं इंग्रजी वाचून समजावलं, मी त्यात हात घातला." त्यांची मुलगी अकोल्याला शाळेत शिकवत असे.

"आणि हे ठिपके?"

"ते मीच टाकले. खाटेच्या पुढं पेशंटचं नाव येते, दुखणं येते. आपल्याले सिग्नल पाहाचा आहे, कोणाचं दुखणं नाही. पण साहेब, मले जमलं ते कोणालेही जमन. तुमी साऱ्या गावाले सांगून राह्यले. निरोपात नावं धाडणं बंद करा."

मला खरं वाटेना. मी म्हणालो, "नावं दाखवा."

"नका लावू साहेब मले ते कराले."

"मी सांगतो आहे ना."

त्यांनी नाइलाजाने ठिपके काढले. जेमतेम मिनिटभर. एका बाईचं नाव आलं, तिची कुठली तपासणी करायची तेही आलं. वरिष्ठांना दाखवायला म्हणून मी मोबाइलवर पडद्याचा फोटो काढला. मिस्त्रींनी लगेच ठिपके परत लावले आणि जाताना पंखा सुरू करून दिला.

वरिष्ठांना मी काही दाखवलं नाही. उद्या, परवा करत दोन महिने गेले. निरोपांतून नावं जातच राहिली.

मग नेमक्या त्याच बाईचं दुखणं तिच्या सासरी कळलं. तिच्या माहेरचे लोक रुग्णालयात येऊन बसले. बातमी फुटली कशी, असं वरिष्ठांनी विचारलं. मिस्त्रींनी सावध केलं होतं हे सांगितलं असतं, तर पुढचा प्रश्न मला आला असता. मी मोबाइलमधला फोटो छापला आणि त्यासोबत लिहून दिलं की सदर इसम आमचे निरोप चोरून वाचताना आढळला. खाली त्यांचं पूर्ण नाव लिहिलं. ते नाव वाचून कोणी फारसे प्रश्न विचारणार नाही, हे लिहिताना मला ठाऊक होतं. तेही इथे नोंदवतो.

आठवड्याभरात मला खरं कळलं. नोंदणीच्या खिडकीवर उघडी पडलेली तिची फाइल सासरच्या एका नातेवाइकाने वाचली होती. मी कागद परत घेतला नाही.

रुग्णालयाने तो पोलिसांत दिला आणि पोलिसांनी लॅपटॉप नेला. खटला उभा राहिला नाही, पण शहरातल्या एकाही दवाखान्याने मिस्त्रींना पुन्हा बोलावलं नाही. दुकान आवरून ते अकोल्याला मुलीकडे गेले. त्यानंतर एकदाच बडनेऱ्याच्या फलाटावर दिसले. मी तोंड फिरवणार तोच त्यांनी विचारलं, "साहेब, तळघरातला पेजर वाजते ना बराबर?" मी हो म्हणालो. गाडी आली म्हणून सुटलो.

यंदा मी सारं खरं लिहून काढलं. एक प्रत पोलिस ठाण्यात दिली, एक रुग्णालयात, आणि तिसरी घेऊन अकोल्याला गेलो. दार मुलीने उघडलं. मिस्त्री मागच्या हिवाळ्यात गेले होते.

पोलिसांकडून परत आलेला लॅपटॉप तिने कपाटातून काढला. प्रोग्रामने साठवलेल्या त्या दिवसांच्या नोंदी उघडल्या. ओळींमागून ओळी, नावांच्या जागी ठिपके. माझ्या खोलीतली ती सकाळ मी शोधली. तिथे एका मिनिटाची जागा रिकामी होती.

"ते अब्बांनी त्याच दिवशी पुसलं," ती म्हणाली. "नावं होती म्हणे त्यात. कोणी काढाले लावली, ते त्यांनी मले सांगतलं होतं. पोलिसाले सांगा म्हटलं, तर म्हणे, साहेब सोताच सांगतीन."

मी खिशातून कागद काढून तिच्यापुढे धरला. तिने हात पुढे केला नाही.

"तुमीच वाचा. मोठ्यानं."

मग ती उठली, भिंतीपाशी गेली आणि पंखा बंद केला. पाती थांबली. मान डावीकडे कलवून ती समोर बसली, आणि मी पहिल्या ओळीपासून सुरुवात केली.