आडवा पडलेला लोहार

माझे धाकटे दीर लोहार. हात दणकट आणि डोकं कायम तापलेलं. तरुणपणी भर बाजारात त्यांनी एकाचा जबडा फोडला. तेव्हा मशिदीतल्या म्हाताऱ्या इमामांनी त्यांना पैगंबरांची शिकवण सांगितली: राग आला की उभ्या माणसानं बसावं, तरी गेला नाही तर आडवं व्हावं. तेव्हापासून गिऱ्हाइकाशी वाजलं की हा धिप्पाड माणूस दुकानातच लोळण घ्यायचा. लोक पोट धरून हसायचे.

एके सकाळी त्यांची लेक मोडलेला हात आणि सुजलेलं तोंड घेऊन माहेरी आली. नवऱ्यानं मारलं होतं. दीर हातोडा घेऊन निघाले. मी मागोमाग धावले. त्यांनी जावयाचं दार फोडलं, मग खांदा. हाड मोडल्याचा आवाज मला उंबऱ्यापर्यंत ऐकू आला. तो रक्तबंबाळ होऊन पडला, तसा दिरांनी त्याच्या डोक्यावर हातोडा उगारला.

“भाऊजी, बसा!” मी ओरडले.

ते बसले. हातोडा मात्र वरच.

“वहिनी, जात नाहीये.”

“मग आडवे व्हा!”

त्या रक्तातच ते जावयाशेजारी आडवे झाले.

“मामा, मारू नका,” जावई कण्हला.

“गप पड. माझा राग अजून इथंच आहे.”

मी त्यांच्या मुठीतून हातोडा काढून घेतला आणि शेजाऱ्याला डॉक्टर, पोलीस बोलवायला पिटाळलं. पोलीस येईपर्यंत दीर उठले नाहीत. मग उठून त्यांनी आपणहून हात पुढे केले. तुरुंगात गेले, पण खुनी म्हणून नाही.