राजाची अडीच घरं

आमच्या गावी बुद्धिबळातल्या राजाला एक उडी असायची. डावात एकदाच, आणि तीही पहिला शह बसायच्या आधी, घोड्यासारखी अडीच घरं. बाबा पडवीत पट मांडायचे, खाडीवरून वारा यायचा आणि संकट दिसलं की माझा राजा उडून पलीकडे जाऊन बसायचा. सगळ्या जगात असंच असणार, असं मी धरून चालले होते. सातवीनंतर शाळा सुटली, घाटकोपरला आत्याकडे आले, अंधेरीच्या कारखान्यात रेडिओचे भाग जोडायला लागले, तरी हेच धरून होते.

तसं नसतं, हे सांगितलं काकांनी. काका म्हणजे आमच्या टेकडीवरच्या चाळीतले, टपाल खात्यातून निवृत्त झालेले एकटे गृहस्थ. रविवारी दुपारी चाळीच्या वाचनालयात ते पट मांडून बसत. एकदा पाण्याची कळशी घेऊन जाताना मी दारात थबकले, ती थबकलेच.

"उभी काय राहतेस गं? बस की."

या शहरात मला 'बस' म्हणणारी ती पहिली जागा.

काकांनी मला राजाला हत्तीआड नेणारा किल्लेकोट शिकवला. राजाची उडी विसरायला लावली. "ते गावचे कायदे. जगात राजा एकच घर चालतो, पोरी." आणि खेळता खेळता ते आपल्या बुद्धिबळातल्या गणगोताबद्दल बोलत. गणगोत सगळं परदेशात! एक जण जगज्जेता झाला आणि मग दार लावून घेतलं, कुणाशी खेळलाच नाही. एकानं देश सोडला, पण पट सोडला नाही. दोघांची लढत तर महिनोन्महिने चालली आणि निकालाशिवाय थांबवावी लागली. "काय एकेकाची कारकीर्द!" काका म्हणायचे. कारकीर्द फक्त राजांची असते, असं मला इतिहासाच्या पुस्तकामुळे वाटत होतं. आठवडाभर कारखान्यात भिंगाखाली बारीक तारा जोडताना ती माणसं माझ्या डोळ्यांपुढे फिरत. बर्फातली गावं, पिवळे दिवे, समोरासमोर दोन खुर्च्या. देखरेखीच्या बाई हाक मारायच्या, "झोपलीस काय?" आणि मी दचकायचे.

तशातच बातमी आली, की तिकडच्या पहाडी मुलखातली एक बाई मुलुंडला येणार आणि एकाच वेळी हॉलभर माणसांशी खेळणार. आपल्याकडे तेव्हा अजून कुणी ग्रँडमास्टर नव्हतं. काकांना तिची सगळी कारकीर्द पाठ. वडिलांनी शिकवलं, लहान वयात पुरुषांना हरवलं, देशाची विजेती झाली, दोन मुलांनंतर पुन्हा झाली. वाचनालयाला एक जागा मिळाली. ती काकांचीच, यात कुणाला शंका नव्हती. काकांनी ती मला दिली.

वाचनालयाचे चिटणीस उसळले. "काका, अहो, जगातली बाई येतेय! आणि ही सातवी पास पोरगी बसवताय? नाक कापलं जाईल आपलं."

"माझ्या शब्दावर बसते ती."

"शब्द गेला, तर रविवारचा पट बंद हां. कॅरमवाले कधीपासून ती जागा मागतायत."

"बंद तर बंद," काका म्हणाले.

मला नको नको झालं. हरण्याची भीती नव्हती, हरायचंच होतं. पण काही वेडंवाकडं केलं, तर ती दुपार जाणार होती. काकांची, आणि माझीही. आत्या म्हणाली, "ती प्यादी तुका जेवक घालतली काय गो?" तरी स्वतःची ठेवणीतली साडी तिनंच काढून दिली.

हॉलमध्ये टेबलं घोड्याच्या नालासारखी मांडलेली. आम्ही बाहेरच्या बाजूनं बसलेले, ती आतून फिरत होती. पिकलेले केस, पायात साधे कापडी बूट. ती समोर आली की आपण चाल करायची, तीही लगेच करून पुढे जायची. भरतीचं पाणी हळूच पायाशी येतं आणि मागे जातं, तसं. पंखे घरघरत होते. ती लांब गेली की मला वाटायचं, आपण पडवीतच आहोत आणि शेजारी बाबा सुपारी कातरतायत. डाव बरा चालला होता. मग तिचे दोन्ही उंट माझ्या राजाकडे रोखले गेले. किल्लेकोट करावा, तर मध्ये माझाच उंट उभा. शह मात्र अजून बसला नव्हता.

ती समोर आली. माझ्या हातानं राजा उचलला आणि अडीच घरांवर ठेवला.

काय केलं ते मला तिच्या भुवयांवरून कळलं.

मागून चिटणीस पुटपुटले, "वाट लागली!"

पंच धावत माझ्याकडे आले. "बाई, हे काय? राजा असा जातो का?" मी काकांकडे पाहिलं. काका भिंतीपाशी उभे होते. तेच म्हणाले, "तिच्या गावी जातो. एकदा."

दुभाष्यानं तिला सांगितलं. तिनं वाकून बोटानं पटावर ती वाट काढून पाहिली, दोन घरं सरळ, एक बाजूला. मग मला काही विचारलं.

"कधीही चालतं का, विचारतायत," दुभाषी म्हणाला.

"नाही. शह बसायच्या आधीच."

ती क्षणभर विचारात पडली, खरोखरच्या विचारात. मग काहीतरी बोलली आणि दुभाषी हसला. "म्हणतात, आधी सांगायचं ना! मी केव्हाच एक शह देऊन ठेवला असता."

हॉल हसला. पण तिनं माझा राजा उचलून पहिल्या घरी ठेवला आणि बोटानं खूण केली, खेळ. राजालाच हात लागला होता, नियमानं राजाच हलवावा लागला. एकच घर. थोड्याच चालींत मी हरले. तिनं हात पुढे केला, तो माझ्या हातासारखाच खरखरीत होता.

बसनं परतलो. टेकडीच्या पायऱ्या चढताना मी म्हटलं, "काका, तुमचा शब्द गेला."

ते दम खायला थांबले. "माझा गाव तुझ्या खाडीच्या पलीकडचाच. नोकरीला लागलो तेव्हापासून ती उडी बोटांत दाबून धरलीय. आज जगातल्या बाईसमोर ती बघायला मिळाली." आणि पुन्हा चढायला लागले.

चाळीत मला 'उडी' हे नाव पडलं. "काय उडी, कुठे निघालीस?" चिटणिसांनीही शब्द खरा केला, पुढच्या रविवारी वाचनालयात कॅरम लागला. मी दारातून मागे फिरले, तर काकांची हाक आली. त्यांनी आपल्या खोलीबाहेर, गॅलरीत, पाट टाकून पट मांडला होता. खाली घाटकोपरची छपरं उन्हात लखलखत होती.

"बस की. आज गावचे कायदे."

मला इतका आनंद झाला, की मी बाबांसारखीच मांडी घालून बसले. तिसऱ्याच चालीला काकांनी वजीर पुढे सरकवला. मारायचं काही नव्हतं, मिळवायचंही काही नव्हतं.

"शह," ते म्हणाले. "गेली तुझी उडी."