पहिल्या अंकात नाव कुणाचं?

आमच्या पेपरचा इतिहास लिहायला घेतला अन् मी फसले! तारीख विचारली की सगळे छताकडं बघतात. किस्सा विचारला की एकजण सुरू होतो, दुसरा "असं न्हाई, असं झाल्तं" म्हणून त्याला थांबवतो, अन् चहा गार होतो. किस्स्यांनी माझी वही भरली. इतिहास मात्र पहिल्याच पानावर अडकलाय, कारण पहिला अंकच सापडत न्हाई.

पेपर म्हणजे साप्ताहिक 'कुदळ'. मस्तगड मोहल्ल्यात दोन खोल्यांची कचेरी, तिथं मी टायपिंग करते. संपादक आबा, वय पंच्याऐंशी, पक्के कम्युनिस्ट. पहिल्या अंकात शेतात तण निंदणाऱ्या बायांच्या हालांवर एक लेख होता. आबांच्या बायको शांताकाकू शेवटपर्यंत म्हणायच्या, "लेख माझा अन् नाव यांचं!" आबा म्हणायचे, "तुझंच छापलं होतं, बिलकुल तुझंच." कचेरीतला अंक तर वाळवीनं खाल्ला. गेल्या वर्षी काकू गेल्या, अन् तेव्हापासून आबा मला रोज विचारतात, "सापडला का गं?"

*

दर शनिवारी आमच्याकडं आत्मटीकेची मीटिंग असते. हप्ताभरात आपलं काय चुकलं, ते ज्यानं त्यानं सतरंजीवर बसून सगळ्यांसमोर सांगायचं. आबा अध्यक्ष, म्हणून खुर्चीत. त्यामुळं त्यांची पाळी कधी आलीच न्हाई.

एकदा छपाईच्या मशीनवाले सोपानराव उठले. "मी चतुर्थीला राजूरला गेल्तो. गणपतीपुढं नारळ फोडला."

"कम्युनिस्ट पेपरात काम करून नारळ? कशापायी?" आबा लालबुंद!

"मशीन सारखी बंद पडून राह्यली होती."

निषेधाचा ठराव मांडला, सगळ्यांनी हात वर केले. मंग कुणीतरी हळूच विचारलं, "पण मशीनचं काय झालं?"

"तवापासून बराबर चालू हाये!"

ठराव पास झाल्यावर सोपानरावांनी पिशवीतून प्रसादाचे पेढे काढले. आबांनी अर्धाच घेतला.

*

कुंभार पिंपळगावच्या बाजारात आबा स्वतः अंक विकायचे. एकदा पहिल्या पानावर भलं मोठं हेडिंग होतं, 'साम्राज्यशाहीचा अंत जवळ!' एका मेंढपाळबाबांनी अंक उलटापालटा केला अन् विचारलं, "यात मेंढीचा भाव कुठं हाये?"

"बाबा, आधी साम्राज्यशाही संपू द्या!"

"ती संपंल हो सावकाश. मला मेंढी आजच इकायचीय."

आबा गठ्ठा उचलून परत आले. पुढच्या अंकापासून साम्राज्यशाहीच्या खाली मेंढीचा भाव यायला लागला.

*

आमचा सगळ्यात इमानदार वाचक म्हणजे गफूरभाई, पोलिसातले हवालदार. आबांवर अन् पेपरवर नजर ठेवायची त्यांची ड्यूटी. साधे कपडे घालून यायचे अन् पायात बूट पोलिसाचे! सगळा मस्तगड त्यांना सलाम करायचा.

एकदा सोपानराव आजारी पडले अन् अंक अडकला. गफूरभाईंचा चेहरा उतरला. "पेपरच न्हाई निघाला तर मी रिपोर्ट कशाचा लिवू?" म्हणाले, बाह्या वर केल्या अन् मशीनचा हात फिरवायला उभे राह्यले. सरकारविरोधी तो अख्खा अंक पोलिसाच्या हातानं निघाला! जाताना त्यांनी आपले दोन अंक घेतले अन् ड्यूटीवर गेले.

*

परवा हेच आठवत होते अन् माझी ट्यूब पेटली. दोन अंक कशाला? तडक त्यांच्या घरी गेले. गफूरभाई आता काठी टेकत चालतात. "एक वर पाठवायचो, एक ठेवायचो," म्हणाले. "सगळे हायेत, पहिल्यापासून."

शनिवारी ते स्वतःच अंक घेऊन कचेरीत आले. मीटिंग नुकतीच बसली होती. आबांनी पान उलटलं. निंदणाऱ्या बायांचा लेख, अन् खाली नाव आबांचं.

बाजूला समासात पेन्सिलीनं काहीतरी लिहिलेलं होतं. आबांना दिसेना, म्हणून मी मोठ्यानं वाचलं. "लेख संपादकाचा नाही. बायकोचा."

मला काकूंची इतकी आठवण आली की पुढं बघवेना.

"तुमाला कसं कळलं?" आबांनी गफूरभाईंना विचारलं.

"खिडकीखाली ड्यूटी होती, साहेब. बाई लेख सांगून राह्यल्या होत्या अन् तुम्ही लिवून राह्यले होते. रिपोर्टात खोटं कसं लिवणार?"

आबा खुर्चीतून उठले. गफूरभाईंना दंडाला धरून तिथं बसवलं अन् स्वतः सतरंजीवर आमच्या रांगेत येऊन बसले.

"अध्यक्षमहाराज," ते म्हणाले, "आज पाळी माझी."